कौलं गेली, धूर मात्र घरातच राहिला

वाचकाचं पत्र, थोडक्यात: कराड तालुक्यातल्या एका गावचे, नोकरीनिमित्त पुण्यात राहणारे चाळिशीतले गृहस्थ लिहितात. दोन वर्षांपूर्वी गावचं कौलारू घर पाडून तिथे स्लॅबचं घर बांधलं. स्वयंपाकघरात ग्रॅनाइटचा ओटा, गॅस, सगळं आहे. घरी अडुसष्ट वर्षांची आई, धाकटा भाऊ, भावजय आणि त्यांची तीन वर्षांची मुलगी. आईला भाकरी चुलीवरच करायची असते. ती परसात तीन दगड मांडून करते, पण पाऊस सुरू झाला की लोखंडी चूल उचलून स्वयंपाकघरात आणते. दोन पावसाळ्यांत छत काळं झालं, भावजय खोकते, त्यावरून घरात कुरबुरी चालू आहेत. ठेकेदार म्हणतो, खिडकीतून चार इंची पीव्हीसी पाइप बाहेर काढू आणि एक्झॉस्ट फॅन लावू. मेव्हणे म्हणतात, चुलीवर विजेची चिमणी लावा. भाऊ म्हणतो, स्लॅबला भोक पाडलं तर घर गळेल. ‘झालेल्या घरात धुराडं बसवता येतं का? आणि आई हट्टी आहे, तिला कसं समजवायचं?’

नमस्कार,

धुराड्याकडे येतेच, पण आधी त्या पाडलेल्या घराबद्दल थोडं बोलू. पत्रात तुम्ही एक वाक्य सहज लिहून गेला आहात: ‘जुन्या घरातही धुराडं नव्हतं, तेव्हा कुणाला त्रास झाला नाही.’ धुराडं नव्हतं हे खरं नाही. तुमचं अख्खं छप्परच धुराडं होतं. कौलाकौलांमधल्या फटींतून धूर सावकाश वर निघून जायचा. सकाळी गावाबाहेरच्या टेकाडावरून पाहिलं की प्रत्येक छपरातून वाफ निघाल्यासारखा धूर दिसायचा, तो हाच. भिंत आणि आढं यांच्यामधली मोकळी जागा, वरचं गवाक्ष, दिवसभर उघडं असलेलं मागचं दार, ही सगळी हवेची ये-जा होती. तो धूर वाशांना कीड लागू देत नसे. चुलीवर टांगलेली बियाण्याची मक्याची कणसं नि लसणाच्या जुड्या वर्षभर टिकत.

आणि त्रास झाला नाही, हेही तपासून पाहा. आजीला अखेरच्या वर्षांत दम लागायचा का? आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन लवकर करावं लागलं का? मी उत्तर गृहीत धरत नाही, फक्त विचारते. आपल्याकडे बाईच्या खोकल्याला धुराचं नाव क्वचितच दिलं गेलं. ‘वय झालं’ एवढं म्हणून विषय संपायचा.

नव्या घरात तुम्ही ते छप्पर काढलंत आणि वर दहा फुटांवर सपाट काँक्रीट घातलंत. खिडक्या सरकत्या, त्यांना डासांची जाळी, दार बंद. चूल मात्र तीच. धूर वर जातो, स्लॅबला थडकतो, गार होतो आणि खाली उतरतो. खाली म्हणजे नेमका तीन वर्षांचं मूल खेळतं त्या उंचीवर. यात आईंचा हट्ट कुठे आला? त्या पन्नास वर्षं जे करत आल्या तेच करताहेत. घर त्यांच्या पायाखालून बदललं, आणि बदलताना चुलीचं काय करायचं हा प्रश्न नकाशावर कुणी काढला नाही. देवघराची दिशा मात्र चार जणांना विचारून ठरवली असेल.

आता ठेकेदाराचा पाइप. नको. दोन कारणांनी नको. पीव्हीसी साधारण ऐंशी अंशांच्या आसपासच मऊ पडायला लागतं. चुलीतून निघणारा धूर त्याहून कितीतरी तापलेला असतो. पाइप वाकेल, वितळेल, आणि त्याचा स्वतःचा जो धूर निघेल तो लाकडाच्या धुरापेक्षा वाईट. दुसरं कारण असं की खिडकीतून आडवा काढलेला पाइप ओढत नाही. धुराडं धूर ढकलत नाही, ओढतं. आत गरम, हलकी हवा आणि बाहेर गार, जड हवा, या फरकावर ते चालतं. उभी उंची जितकी जास्त तितकी ओढ जास्त. आडव्या पाइपला उंचीच नाही, त्यामुळे ओढही नाही, आणि तोंड वाऱ्याकडे आलं तर वारा धूर सरळ परत घरात भरतो.

हे मी पुस्तकातून सांगत नाही. वाईजवळच्या आमच्या घरी मीच हे करून बसले आहे. पत्र्याचा पाइप होता, पण खिडकीतून काटकोनात बाहेर काढलेला, तोंड पश्चिमेला. मे महिन्यात झकास चालला. सगळ्यांना बोलावून दाखवला. जूनच्या दुसऱ्या आठवड्यात पश्चिमेचा वारा सुटला आणि चुलीच्या तोंडातून धुराचा लोट माझ्या सासूबाईंच्या तोंडावर. त्या काही बोलल्या नाहीत. पदराने डोळे पुसले आणि चूल उचलून गोठ्यात नेऊन ठेवली. तो पाइप पुढे वर्षभर भिंतीतून बाहेर डोकावत होता, मला चिडवायला.

एक्झॉस्ट फॅनचं प्रकरण आणखी फसवं आहे. फॅन बाहेर हवा फेकतो तेव्हा तेवढीच हवा कुठून तरी आत यावी लागते. खिडक्या-दारं बंद असली तर ती सगळ्यात सोप्या वाटेने येते, आणि धुराडं बसवलेलं असेल तर ती वाट म्हणजे धुराडंच. फॅन सुरू केला की धूर उलटा खाली येतो आणि माणसं म्हणतात, धुराडं बिघडलं. एक तर फॅन किंवा धुराडं. दोन्ही एका खोलीत एकमेकांशी भांडतात.

मेव्हण्यांची चिमणी ही ओट्यावरच्या गॅसच्या फोडणीसाठी केलेली वस्तू. (चिमणी म्हणजे आधी पक्षी, मग रॉकेलचा दिवा, आता हे विजेचं यंत्र. धुराला वाट देणाऱ्याला गावात अजून धुराडंच म्हणतात, म्हणून मीही तोच शब्द वापरते आहे.) तिच्या जाळ्या तेलाची वाफ धरतात. लाकडाच्या धुरातले बारीक कण आणि वायू त्यात अडकत नाहीत, काजळीने मोटर मात्र लवकर बसते. ज्या चिमणीला बाहेर जाणारा पाइपच नाही, ती तर तोच धूर चाळून खोलीत परत सोडते.

पण माझा खरा आक्षेप वेगळाच आहे. त्या स्वयंपाकघरात गॅस आहे. सिलिंडरचा गॅस हवेपेक्षा जड असतो. गळती झाली तर तो वर जात नाही, फरशीवर साचतो. तुमच्या आई जमिनीवर बसून चूल पेटवणार, म्हणजे गॅस साचतो त्याच पातळीवर उघडा विस्तव. ही एकच गोष्ट मला पुरेशी वाटते. गॅसच्या खोलीत चूल नको, धुराडं असो वा नसो. तुम्ही विचारलंत ‘बसवता येतं का’. येतं. पण त्या खोलीत बसवू नका.

मग कुठे? स्वयंपाकघराच्या मागच्या दाराला लागून पडवी काढा. आठ बाय दहा फुटांची पुरे. वर लोखंडी पत्रा. प्लॅस्टिकचा पारदर्शक किंवा फायबरचा पत्रा चुलीवर नको. पश्चिम आणि दक्षिणेकडे, म्हणजे पावसाचा झोत येतो त्या बाजूंना, पूर्ण भिंत. बाकी दोन बाजूंना कमरेइतकी भिंत आणि वर मोकळं. आईंना परसात बसण्याची सवय आहेच. त्यांना आत यावं लागतं ते फक्त पावसामुळे. म्हणजे हवं होतं छप्पर, आणि तुम्ही सगळे चर्चा करत होता पाइपची. मागे कुंपणापर्यंत जागा किती आहे ते पत्रात नाही, पण तीन दगड मांडायला जागा आहे त्याअर्थी पडवीलाही असावी.

पडवी मोकळी असली तरी चुलीला धुराडं लावाच. पावसाळ्यात दमट हवेत धूर पत्र्याखाली घुटमळतो आणि मागच्या दारातून घरात शिरतो. लावताना काय सांभाळायचं ते लिहिते. गवंडी ‘चालतंय की’ म्हणेल तेव्हा हा कागद त्याच्यापुढे धरा.

पाइप चार इंची, लोखंडी किंवा स्टेनलेस स्टीलचा. चुलीला लागून असलेला पहिला तुकडा गॅल्व्हनाइज्ड नको, तिथे उष्णता फार असते आणि वरचा जस्ताचा थर तापून धुरावाटे बाहेर पडतो. ॲस्बेस्टॉस सिमेंटचे जुने पाइप कुणी फुकट दिले तरी घेऊ नका, ते कापताना उडणारी धूळ फुप्फुसाला घातक. पाइप शक्यतो सरळ वर न्या. वळवावाच लागला तर काटकोनात न वळवता तिरका वळवा. तुमची पडवी घराच्या मागच्या भिंतीला टेकलेली असेल, म्हणून पत्र्याच्या वर दोन फूट पाइप काढून थांबू नका. गच्चीच्या कठड्यावर आपटून वारा खाली वळतो आणि बुटक्या पाइपातला धूर खाली दाबतो. पाइप कठड्याच्याही निदान दोन-अडीच फूट वर जाऊ द्या. गच्चीवर कपडे आणि पापड वाळत घालत असाल तर डोक्याच्याही वर न्या आणि तारेचे ताण द्या. टोकावर पावसाची छत्री, पण पाइपाच्या तोंडाला चिकटून नको, चार-पाच बोटं अंतर ठेवून. लाकडी वासा किंवा बांबू पाइपाला टेकू देऊ नका.

पाइपाच्या तळाशी इंग्रजी ‘टी’च्या आकाराचा जोड टाकून खाली झाकण ठेवा. हे सगळे जण विसरतात. काजळी पडायची जागा तीच आणि साफ करायची वाटही तीच.

पेटवण्याआधी एक उदबत्ती चुलीच्या तोंडाशी धरा. धूर आत ओढला गेला तर धुराडं जागं आहे. बाहेर लोंबला तर पाइप गार आहे. तळाशी कागदाचा एक बोळा जाळला की वरची गार हवा हलते आणि ओढ सुरू होते. माझ्या सासूबाई आता हे रोज करतात. वाईच्या घरी पाइप पुढे सरळ छतातून काढला ना, तेव्हापासून.

घराच्या आतच, पण गॅस नसलेल्या वेगळ्या खोलीत चूल हवी असलेले वाचकही आहेत, त्यांच्यासाठी स्लॅबच्या भोकाबद्दल. भावाची भीती अर्धी बरोबर आहे. हातोडा-छिन्नीने फोडलं तर स्लॅबला तडे जातात, गळतं, आणि गज कापले जातात. कोअर कटिंगच्या मशिनने गोल भोक पाडता येतं. आधी इंजिनिअरकडून तुळई आणि गज कुठे आहेत ते बघून घ्या, तुळईला हात लावू नका. भोक पाइपापेक्षा मोठं, मधे लोखंडी बाही, आणि पोकळीत सिरॅमिक वूल, म्हणजे उष्णता अडवणारा न जळणारा कापूस. तापलेला पाइप काँक्रीटला थेट टेकला तर तिथेच तडकतं. गच्चीवर भोकाभोवती चार-सहा इंचांचा वट्टा बांधून वॉटरप्रूफिंग. आणि खोलीत जमिनीलगत एक जाळीची मोकळी जागा, जी कुणी गोणपाटाने बुजवणार नाही अशी. धुराडं जेवढी हवा बाहेर ओढतं तेवढी आत यायला हवी.

पाचगणी-महाबळेश्वरकडे, भंडारदऱ्याला फार्महाउस बांधलेली मंडळी हल्ली विचारतात, थंडीसाठी काचेच्या दाराची लोखंडी शेगडी बसवायची आहे, घराला धुराडं नाही. त्यांना वेगळं उत्तर नाही. दुहेरी भिंतीचा, मधे उष्णतारोधक भरलेला पाइप घ्या, म्हणजे धूर वाटेत गार होत नाही आणि ओढ टिकते. बाकी सगळं वरचंच. पण एक गोष्ट ओरडून सांगते. कोळशाची किंवा निखाऱ्यांची शेगडी बंद खोलीत ठेवून झोपू नका. निखाऱ्यांना धूर नसतो म्हणून ते निरुपद्रवी वाटतात. त्यातून कार्बन मोनॉक्साइड निघतो. त्याला रंग नाही, वास नाही, झोपेतच माणूस जातं. त्याचा इशारा देणारं छोटं यंत्र बाजारात मिळतं. शेगडीच्या किमतीपुढे ते काहीच नाही, आधी ते घ्या.

आता धुराड्याची मर्यादा. तुम्हाला आठवत असेल, १९८० च्या दशकात सरकारी योजनेतून गावोगाव निर्धूर चुली आल्या होत्या. सिमेंटच्या, दोन भांड्यांच्या, मागे पाइप. त्यातल्या किती उरल्या? पाइप काजळीने बुजले, कुणी साफ केले नाहीत, आणि धूर पुन्हा तोंडातून यायला लागल्यावर बायांनी चुलीचं तोंडच फोडून मोठं केलं. एस्थर डुफ्लो (ज्यांना पुढे अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं) आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ओडिशात सुमारे २,६०० कुटुंबांचा चार वर्षं मागोवा घेतला. धुराड्याच्या चुली दिल्यावर पहिल्या वर्षी स्वयंपाक करणारीच्या छातीत जाणारा धूर कमी झाला. पुढे तो फरक पुसला गेला, कारण चुली नीट वापरल्या आणि राखल्या गेल्या नाहीत. हा अभ्यास २०१६ साली प्रसिद्ध झाला. मी तो वाचला तेव्हा मला नवल वाटलं नाही. आमच्या शेजारच्या काकूंनी हे मला फार आधी दोन शब्दांत सांगितलं होतं: ‘पाइप खरवडणार कोण?’

तोच प्रश्न तुम्हाला. तुम्ही पुण्यात. महिन्यातून एकदा काठीला चिंध्या बांधून तो पाइप वरून खाली कोण खरवडणार? अडुसष्टाव्या वर्षी आई गच्चीवर चढणार नाहीत. भावाने हे काम आपलं म्हणून घेतलं तरच पाइपावर खर्च करा. काजळीचा जाड डांबरी थर साचला तर नुसता पाइप तुंबत नाही, आतल्या आत पेटतोही.

चूल बांधताना आईंना जवळ बसवा. बंदिस्त चुलीत लहान तोंड ठेवलं तर धूर कमी, पण भाकरीचं गणित चुकतं. त्यांची भाकरी तव्यावर एका बाजूने भाजली की चुलीच्या तोंडाशी निखाऱ्यांपुढे उभी राहते आणि तिथे फुगते. त्या जागेला वाव नसेल तर त्या जाळ पुढे ओढतील, आणि तुमचं धुराडं मागे रिकामं उभं राहील. तोंड त्यांच्या भाकरीएवढं असू द्या, वैल (चुलीच्या बाजूचं दुसऱ्या भांड्याचं तोंड) ठेवायचा की नाही तेही त्यांनाच विचारा. जळण वाळलेलं हवं. पडवीच्या एका कोपऱ्यात फळीवर, जमिनीपासून वर, पावसाळ्याआधी दोन महिने भरून ठेवलं तर निम्मा धूर तिथेच कमी होतो. ओल्या लाकडाचा धूर आणि वाळल्याचा धूर यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. चूल पेटवायला प्लॅस्टिकची पिशवी मात्र नको. ही सवय जवळजवळ प्रत्येक घरात आहे, तुमच्याही असणार.

आणि एक हिशेब करून बघा. आठवडाभर भावाला मोजायला सांगा की दिवसाच्या जळणातलं किती भाकरीला जातं आणि किती आंघोळीच्या पाण्याला. बहुतेक घरांत पाणी जास्त खातं. गच्चीवर सोलर बसवला, किंवा बंब पडवीत आणला, तर चूल सकाळची तासभराची राहते. तासभराची चूल आणि दिवसभराची चूल यांत खूप अंतर आहे.

तुमच्या पत्रात भावजय एकाच ओळीत येते: ती खोकते. पण पावसाळ्यात त्या खोलीत सकाळ-संध्याकाळ तीच असते, भाजी तीच करते, मूल तिच्याच पायाशी असतं. जागतिक आरोग्य संघटनेचा अंदाज आहे की २०२० साली जगभरात सुमारे ३२ लाख माणसं घरातल्या धुराने होणाऱ्या आजारांनी गेली. त्यात पाच वर्षांखालची मुलं दोन लाखांहून जास्त होती. तुमची पुतणी तीन वर्षांची आहे. म्हणून ‘आईला कसं समजवू’ याच्याआधी भावजयीला विचारा, तुला काय हवंय. कदाचित तिलाही चुलीवरची भाकरी आवडत असेल आणि फक्त धूर नको असेल. कदाचित तिला भीती असेल की चूल घरात कायमची आली तर उद्या ती तिच्याच गळ्यात पडेल. ही भीती खोटी नाही. तिचा खोकला दोन आठवड्यांपेक्षा जुना असेल तर धुरावर न ढकलता डॉक्टरांकडे न्या, छातीचा फोटो काढा.

आईंना समजवण्यासारखं मला फारसं काही दिसत नाही. त्यांना सांगा की पावसाआधी पडवी बांधतोय, चूल कुठे मांडायची ते तू दाखव. त्या आधी नाही म्हणतील, खर्च कशाला म्हणतील. मग दुसऱ्या दिवशी सकाळी परसात जाऊन वारा कुठून येतो ते बघून येतील.

मृगाला किती दिवस उरलेत ते कॅलेंडरवर बघा आणि गवंड्याला आजच फोन करा. ठेकेदाराने तो पीव्हीसीचा पाइप आणून टाकलाच असेल तर परत करू नका; गच्चीवरच्या टाकीच्या ओव्हरफ्लोला अगदी बरोबर बसेल.